एक भरती, एक फिल्म: ठाणे खाडीवरच्या एका कामाचं प्रकरण

हे प्रकरण ऐरोलीत राहणाऱ्या एका चित्रकर्तीचं आहे. तिच्या परवानगीने लिहितो आहे. तिचं, होडीवाल्या काकांचं आणि काम देणाऱ्या कंपनीचं नाव मुद्दाम दिलेलं नाही. कोळीवाडा कोणता तेही मोघमच ठेवलं आहे. मी या कामात संकलक होतो, त्यामुळे हा त्रयस्थाचा अहवाल नाही. यातली एक मोठी चूक माझी आहे, आणि तिच्याबद्दल मी जरा सविस्तर लिहिणार आहे, कारण पुढचं सगळं तिच्यावरच फिरलं.

पार्श्वभूमी

चित्रकर्ती मूळची जलरंगातली. बरीच वर्षं ती खाडीकाठी बसून निसर्गचित्रं करायची. एक चित्र व्हायला पाऊण तास लागतो, आणि तेवढ्यात खाडीचं पाणी हातभर तरी चढतं किंवा उतरतं. म्हणजे कागदाचा वरचा भाग रंगवला तेव्हाचं पाणी आणि खालचा भाग रंगवतानाचं पाणी एक नसायचं. सुरुवातीला तिला हा त्रास वाटे. मग हळूहळू तेच तिला रंगवावंसं वाटू लागलं, आणि ते कागदावर जमेना म्हणून तिने कॅमेरा हातात घेतला.

तिच्या फिल्म संथ असतात. कॅमेरा एका जागी, निवेदन नाही, संगीत नाही, एकेक दृश्य दहा-पंधरा मिनिटांचं. येऊरच्या ओढ्यातला पावसाळी कातळ, पारसिकच्या डोंगरावर उतरणारं धुकं, अशा दोन छोट्या फिल्म तिने आधी केल्या होत्या. अशी फिल्म बघताना पहिली दोन मिनिटं माणूस चुळबुळतो. तिसऱ्या मिनिटाला डोळा स्वतःहून काहीतरी शोधायला लागतो. मी तिच्यासोबत काम करतो ते या तिसऱ्या मिनिटासाठी.

ठाणे खाडी हा विषय तिच्या मनात आधीपासून होता. ऐरोली आणि वाशीच्या पुलांमधला, मुंबईच्या बाजूचा पट्टा 2015 मध्ये फ्लेमिंगो अभयारण्य म्हणून जाहीर झाला. सुमारे 1,690 हेक्टरांचं हे क्षेत्र, त्यातलं निम्म्याहून जास्त तिवरांचं जंगल. ऑगस्ट 2022 मध्ये ठाणे खाडी रामसर यादीत, म्हणजे जागतिक महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत, आल्याची बातमी आली आणि खाडीवर पैसे खर्च करायला तयार असलेली मंडळी अचानक दिसू लागली. त्यांच्यापैकीच एका कंपनीच्या सामाजिक उत्तरदायित्व विभागाने चित्रकर्तीला फोन केला.

काम कसं ठरलं

फोनवर ठरलं. खाडीवर दहा मिनिटांची फिल्म, 31 मार्चच्या आत, कारण आर्थिक वर्षाचा निधी त्या तारखेआधी खर्ची दाखवायचा होता. फ्लेमिंगो हवेत. ड्रोन असेल तर उत्तम. चित्रकर्तीने सांगितलं की ती तिच्या पद्धतीने करेल, संगीत नसेल. पलीकडून होकार आला. एक लाख रुपये आगाऊ आले, सोबत चार ओळींचा ईमेल. त्यात विषय, लांबी, तारीख आणि रक्कम एवढंच होतं. चित्रित केलेलं सगळं कुणाच्या मालकीचं, याबद्दल एक शब्द नव्हता. आम्ही दोघांनीही तो ईमेल वाचला आणि दोघांनाही काही खटकलं नाही.

पंचांग आणि 31 मार्च

पहिली अडचण पाण्याचीच होती. चित्रकर्तीला एक अख्खी भरती दाखवायची होती: सुकतीला उघडा पडलेला चिखल, मग चढत जाणारं पाणी, शेवटी तिवरांच्या खोडांपर्यंत भरलेली खाडी. एका सुकतीपासून पुढच्या भरतीपर्यंत साधारण सहा तास जातात. हे सहा तास उजेडातले हवेत, आणि सकाळच्या तिरप्या उन्हात चिखल दिसायला हवा.

कोळीवाड्यातल्या होडीवाल्या काकांनी बोटावर हिशोब करून दाखवला. तिथीला पाऊणने गुणायचं, येईल ती भरतीची वेळ. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, पौर्णिमा-अमावास्येला सव्वाअकराच्या सुमारास. मुंबई बंदरापेक्षा इथे वर ऐरोलीला ती थोडी उशिराच पोचते. म्हणजे सूर्योदयाला सुकती आणि दुपारी भरती हे गणित जमतं ते फक्त पौर्णिमा आणि अमावास्येच्या आसपास, उधाणाच्या दोन-तीन दिवसांत. बाकी दिवशी सुकती एक तर अंधारात जाते नाहीतर भर दुपारी येते. अष्टमीच्या भांगाला पाणी धड चढतही नाही, धड उतरतही नाही.

डिसेंबर ते मार्च असे आठच मोके मिळतात. त्यातले दोन धुक्यात गेले, एका वेळी कॅमेरा तापून बंद पडला. तिच्या कॅमेऱ्यात एका दमात 29 मिनिटं 59 सेकंदच चित्रण व्हायचं, मग तो आपोआप थांबायचा. कित्येक स्टिल कॅमेऱ्यांना ही मर्यादा असते. त्यामुळे सहा तासांची भरती तुकड्यातुकड्यांतच येणार होती.

दुसरी अडचण गाळाची. तिवरांच्या कडेला कॅमेऱ्याचं तिकाटणं उभं केलं की ते दिसणार नाही इतक्या हळू खचायचं. वीस मिनिटांच्या दृश्यात क्षितिज एका बाजूला कललेलं असायचं, आणि संथ फिल्ममध्ये प्रेक्षक नेमकं तेच बघतो. फळ्या घालून पाहिल्या, फळ्याही बसल्या. जाळ्यासाठी रोवलेल्या जुन्या खुंटाला कॅमेरा बांधून पाहिला, तर ओढ वाढली की खुंट थरथरायचा. अभयारण्याच्या हद्दीत नवीन काही रोवण्याचा प्रश्नच नव्हता. वन्यजीव संरक्षण कायदा 1972 च्या कलम 28 प्रमाणे तिथे चित्रीकरणासाठी रीतसर परवाना लागतो, आणि परवाना मिळाला तरी अधिवासाला धक्का लावायचा नसतो. शेवटी कोळीवाड्याच्या जेट्टीचा, काठाच्या बाजूचा, सिमेंटचा जुना कोपरा पक्का केला. तिथून अंग मोडून वाकलं की खाली चिखल अगदी हाताशी दिसतो. हा कोपरा आम्हाला नोव्हेंबरात मिळाला असता तर किती सकाळी वाचल्या असत्या! काकांना तो पहिल्या दिवशीच माहीत होता. आम्ही विचारलं नव्हतं.

ड्रोनचा पर्याय लवकर बाद झाला. थवा चरत असताना वरून घरघर आली की पक्षी उठतात, उठले की खाणं सुटतं, आणि खाण्यासाठीच तर ते इथे येतात. चित्रकर्तीने यावर अर्धा दिवसही घालवला नाही.

चौकटीत काय ठेवायचं

हा पहिला खरा निर्णय होता, आणि पहिल्या हंगामात तो चुकला असं माझं मत आहे.

जेट्टीवरून समोर पाहिलं की खाडीत उभे असलेले उच्चदाबाच्या तारांचे मनोरे दिसतात. डावीकडे 1999 पासून वाहता असलेला ऐरोलीचा पूल. पलीकडे भांडुप-मुलुंडच्या इमारती. मागून 2004 पासून ठाणे-वाशी लोकल. चित्रकर्तीने हे सगळं टाळायचं ठरवलं. लांब पल्ल्याची लेन्स लावली, कॅमेरा जमिनीलगत आणला, आणि दोन मनोऱ्यांच्या मधली एक फट शोधली जिथे फक्त तिवरं, चिखल आणि पाणी होतं. चौकट सुंदर होती, हे मान्यच. पण लांब लेन्समुळे नऊ वाजल्यानंतर उन्हाची लहर सगळं चित्र थरथरवायची, म्हणजे भरतीचा उत्तरार्ध वायाच जायचा.

काकांनी छोट्या पडद्यावर ते दृश्य पाहिलं आणि विचारलं, ‘बाय, टावर कुठं गेला? टावर नाय तं आपुन हाव कुठं?’

त्यांचा प्रश्न सरळ होता. ते होडी काढतात तेव्हा अमुक मनोरा तमुक इमारतीच्या रेषेत आला की खोल पाण्याचा पट्टा लागला असं ओळखतात. पूर्वी त्या जागी दुसऱ्या खुणा असतील, आता मनोरे आहेत. मनोरे काढून टाकले तर त्यांच्या दृष्टीने ती कुठलीच खाडी उरत नव्हती.

याला आणखी एक बाजू आहे. फ्लेमिंगो मुंबईच्या खाड्यांमध्ये मोठ्या संख्येने दिसू लागले ते 1990च्या दशकात. छोटा रोहित, म्हणजे फ्लेमिंगोची छोटी जात, प्रामुख्याने निळं-हिरवं सूक्ष्म शेवाळ खातो, चोच उलटी पाण्यात धरून ते गाळून घेतो. शहराचं सांडपाणी खाडीत येतं, त्यातल्या पोषक द्रव्यांवर शेवाळ माजतं, हे पक्षी टिकण्याचं एक कारण असल्याचं अभ्यासक मानतात. म्हणजे शहर चौकटीबाहेर ठेवून फ्लेमिंगो आत ठेवणं हे चित्र म्हणूनही खोटं होतं. सांडपाणी चांगलं असा याचा अर्थ नाही. पण जे आहे ते एकमेकांत गुंतलेलं आहे, आणि ते तसंच दाखवायला हवं होतं. हे मी तेव्हा बोललो नाही. चौकट तिची, संकलन माझं, अशी वाटणी मी मनात करून टाकली होती.

माझी चूक

फेब्रुवारीच्या शेवटी मी चौदा मिनिटांचा कच्चा जोड, म्हणजे फिल्मचा पहिला मसुदा, तयार केला. शेवटचं दृश्य पूर्ण भरतीचं: तुडुंब पाणी, तिवरांची पानं पाण्याला टेकलेली, वारा नाही. त्या दृश्याचा मूळ आवाज वापरण्यासारखा नव्हता. पुलावरून अवजड गाड्यांची रांग चालली होती आणि दमट हवेत मनोऱ्यांच्या तारा चरचरत होत्या. मी तो आवाज काढून टाकला आणि त्या जागी आमच्याच दुसऱ्या एका सकाळचा स्वच्छ आवाज घातला. त्यात तुतारी पक्ष्याची बारीक, थरथरती शीळ होती, चिखलातली चुटचुट होती. खाडी तीच, महिना तोच, पक्षी तिथलाच. बाहेरून काही आणलं नव्हतं, त्यामुळे मला त्यात काही गैर वाटलं नाही. तीन दिवस लावून मी तो जोड इतका मऊ केला होता की चित्रकर्तीलाही कळलं नाही.

कोळीवाड्यात काकांच्या ओटीवर आम्ही तो दाखवला. काका, त्यांची वहिनी, शेजारच्या दोघी. फिल्म संपल्यावर वहिनी काही वेळ गप्प होत्या. मग त्या म्हणाल्या, ‘पानी भरलाय, मंग पाखरू चिखलावं कसा?’

मला आधी प्रश्नच समजला नाही. चित्रकर्तीला समजला आणि तिचा चेहरा पडला. तुतारी चिखलाच्या कडेने किडे टिपत फिरते. खाडी तुडुंब भरली की चिखल उरत नाही, ती उडून कुठेतरी उंच जागी जाऊन बसते. आणि ती चुटचुट, ती तर उघड्या चिखलाचीच. पाणी चढलं की पहिल्यांदा तीच बंद होते. मी सुकतीचा आवाज भरतीच्या चित्राखाली घातला होता. आयुष्यभर पहाटे कालवं काढायला चिखलात उतरलेल्या बाईला ते एका क्षणात ऐकू आलं.

त्या दिवशी घरी येताना लोकलमध्ये चित्रकर्ती एवढंच म्हणाली की आपण सगळीकडे बघतोय, ऐकत नाही आहोत.

याच बैठकीनंतर फिल्मचा विषय बदलला असं मी म्हणेन. तोवर फिल्म खाडीच्या दृश्याची होती. त्यानंतर ती एका ठरावीक दिवसाच्या, एका ठरावीक भरतीची झाली, तिच्या सगळ्या आवाजासकट.

कंपनीशी बोलणी

हे बदललेलं रूप कंपनीला सांगायला चित्रकर्ती गेली. दरम्यान त्यांनी जोड पाहिला होता. त्यांचं म्हणणं असं की फ्लेमिंगो फारच कमी आहेत, शेवटी थवा उडतानाचं दृश्य हवं, मागे बासरी चालेल, आणि लांबी तीन मिनिटं केली तर समाजमाध्यमांवर टाकता येईल. त्यांच्या बाजूने यात फसवणूक नव्हती. त्यांना हवं होतं ते त्यांनी पहिल्या फोनवर निम्मं सांगितलं होतं, आणि उरलेलं निम्मं आम्ही विचारलं नव्हतं.

चित्रकर्तीसमोर तीन मार्ग होते.

त्यांना हवी तशी तीन मिनिटांची फिल्म करून द्यायची, पैसे पूर्ण घ्यायचे, आणि स्वतःची फिल्म वेगळी करायची. माझा कल या बाजूला होता. दोन जोड करायला मला फार वेळ लागला नसता, आणि तिला पैशांची गरज होती हे मला माहीत होतं.

किंवा दहा मिनिटांच्या मूळ बोलण्यावर अडून राहायचं. पण 31 मार्चला जेमतेम तीन आठवडे उरले होते, आणि हाती फक्त ईमेल होता.

किंवा आगाऊ रक्कम परत करून बाहेर पडायचं.

पहिला मार्ग बंद झाला तो कायद्याने. एका ओळखीच्या वकिलांनी कॉपीराइट कायदा 1957 चं कलम 17 दाखवलं. कुणी पैसे देऊन, स्वतःच्या सांगण्यावरून फिल्म करून घेतली, तर वेगळा करार नसल्यास तिच्या कॉपीराइटचा पहिला मालक काम सांगणारा असतो. आम्ही दोघंही इतकी वर्षं समजत होतो की जिने कॅमेरा चालवला तिचं. चित्रकर्तीने कंपनीला विचारलं की तीन मिनिटांच्या फिल्मची मालकी तुमची, उरलेलं चित्रण माझं, एवढं लिहून द्याल का. उत्तर आलं की सगळं चित्रण आमच्याकडे जमा करावं लागेल, तसा नियम आहे.

तिने चार दिवस घेतले. मग आगाऊ रक्कम परत करायचं ठरवलं, आणि त्या हंगामातलं सगळं चित्रण वापरायचं नाही हेही ठरवलं. या दुसऱ्या निर्णयावर आमचं भांडण झालं. पैसे परत केल्यावर ते चित्रण कुणाचं यावर वाद घालता आला असता, आणि त्यात धुक्यातून बाहेर येणारं एक दृश्य होतं ज्याची सर मला नंतर कशालाच आली नाही. तिचं म्हणणं असं की ज्या चौकटीतून मनोरे पुसले ती चौकट मला परत वापरायची नाही, मग ती कुणाचीही असो. एक लाखांपैकी अडतीस हजार तोवर होडी, भाडं आणि प्रवासात गेले होते. ते तिने चित्रकलेचे वर्ग घेऊन चार हप्त्यांत फेडले.

मला आज विचाराल तर ते धुक्याचं दृश्य गमावल्याचं दुःख अजून आहे. पण तिचा निर्णय बरोबर होता.

दुसरा हंगाम

पुढच्या हिवाळ्यात, 2023च्या नोव्हेंबरपासून, काम पुन्हा सुरू झालं. पैसे कमी होते, घाई मात्र नव्हती. काका आता ‘होडीवाले’ राहिले नाहीत. ठिकाण, तिथी आणि वेळ त्यांनी ठरवायची, आणि त्याचा मोबदला होडीच्या भाड्याहून वेगळा, असं पहिल्या दिवशी कागदावर लिहिलं. वहिनींनी आवाजाची वही सुरू केली. म्हणजे लिहायची चित्रकर्ती, सांगायच्या वहिनी: तिथी, पाणी कुठवर, वारा कुठला, काय ऐकू येतं, काय थांबलं.

लेन्स छोटी घेतली. चौकटीत दोन मनोरे आले, पुलाचा एक तुकडा आला. तिवरांची श्वसनमुळं पुढ्यात, बोटं वर करून उभी असल्यासारखी. गाळात प्राणवायू जवळजवळ नसतोच म्हणून ही मुळं वर येऊन श्वास घेतात. त्या गाळाचा सडक्या अंड्यासारखा वास फिल्ममध्ये येत नाही, पण ज्याने तो घेतलाय त्याला ते दृश्य बघताना येतोच.

आता प्रश्न होता की एकाच दिवसाचं चित्रण वापरायचं, की पाच-सहा सकाळींमधून चांगलं ते निवडायचं. दुसरा मार्ग सोपा आणि सगळे वापरतात तो. सारख्याच तिथी घेतल्या तर पाणी जुळतं, उजेडही बऱ्यापैकी जुळतो. पण ओटीवरचा तो प्रश्न कानात असताना हे कुणालाच नको होतं. एकच दिवस ठरला. बाकीच्या सकाळी सरावाच्या.

तो दिवस म्हणजे फेब्रुवारी 2024 मधली माघ पौर्णिमा. सूर्य वर येता येता सुकती संपली. चित्रकर्तीने दर अर्ध्या तासाला कॅमेरा पुन्हा चालू केला आणि बाकी वेळ त्याला हात लावला नाही. दृश्याचा उजेडही तिने हाताने बांधून टाकला होता, म्हणजे कॅमेरा स्वतःहून उजळ-काळोख करणार नाही. दिवस चढतो तसं चित्र चढतं.

पहिलं दृश्य नुसत्या चिखलाचं आहे. सुरुवातीला काही होत नाही. मग लक्षात येतं की चिखल चकाकतोय आणि त्याच्यावर काहीतरी सरकतंय. ती निवटी, चिखलावर चालणारा मासा, दोन परांवर अंग टेकत, थांबत, पुन्हा टेकत चाललेली. खेकड्यांच्या बिळांतून बारीक बुडबुडे. सगळीकडून ती चुटचुट. पाणी समोरून येईल असं वाटतं, पण येत नाही, ते चिखलातल्या बोटभर रुंदीच्या चरांतून मागून येतं. बावीसाव्या मिनिटाला बिस्किटाचं एक रिकामं पाकीट पाण्यावर तरंगत आत येतं, श्वसनमुळांना अडतं, फिरतं, अडतं, आणि तिथेच राहतं. चित्रकर्तीने मला विचारलं होतं की ते काढायचं का. मी नको म्हणालो, आणि मला आनंद आहे की या वेळी मी बोललो.

फ्लेमिंगो आले, पण फार लांब. तिसऱ्या दृश्यात साधारण चार मिनिटं पलीकडच्या काठाशी एक गुलाबी रेघ दिसते. त्याहून जवळ ते आले नाहीत आणि आम्हीही गेलो नाही.

आवाजाला मी हात लावला नाही असं म्हणणं खोटं ठरेल. वाऱ्याचे फटके कमी केले, एका ठिकाणी आमच्यातल्या कुणाचा तरी खोकला काढला. पण पूल आहे, लोकल आहे, तारांची चरचर आहे. कान दोन-तीन मिनिटांत तिला सरावतो आणि मग तिच्या खालचं ऐकू येऊ लागतं. हे मला पहिल्या हंगामात कुणी सांगितलं असतं तर पटलं नसतं.

फळ काय मिळालं

फिल्म 52 मिनिटांची झाली, पाच दृश्यं. दोन कला महोत्सवांकडून लांबीच्या कारणाने नकार आला. एका छोट्या दालनात आठवडाभर दाखवली, तिथे लोक येऊन-जाऊन बघत. पैशांच्या हिशोबात ती तोट्यात आहे आणि बहुधा राहील.

जूनच्या शेवटी, होड्या वर ओढून ठेवल्या होत्या तेव्हा, कोळीवाड्याच्या समाजमंदिरात ती दाखवली. चाळीसेक माणसं आली. पहिल्या दहा मिनिटांत निम्मी उठून गेली, बहुतेक तरुण मुलं. त्यांचा मला राग नाही, रोजची खाडी पडद्यावर कशाला बघायची हा प्रश्न रास्तच आहे. पण त्यांच्यासाठी काही वेगळं करता आलं असतं का, यावर आम्ही पुरेसा विचार केला नव्हता. जेट्टीवर, पाण्याशेजारी दाखवली असती तर कदाचित थांबली असती.

उरलेल्यांत बायका जास्त होत्या.

आज पुन्हा करायचं झालं तर

मालकीचं कलम पहिल्या रुपयाच्या आधी लिहून घ्यायचं. चार ओळींचा ईमेल हा करार नव्हे असं समजणंही चूक आहे आणि तो पुरेसा करार आहे असं समजणंही. अंतिम फिल्म कुणाची, कच्चं चित्रण कुणाचं, लांबी बदलली तर काय, काम मोडलं तर किती परत, या चार गोष्टी त्यात नसतील तर कॅमेरा पिशवीतून काढू नये. चित्रकर्तीच्या नव्या कामाच्या करारात पहिलंच कलम कच्च्या चित्रणाचं आहे.

ठिकाणच्या माणसाला पहिल्या दिवशी विचारायचं, आणि विचारल्याचे पैसे द्यायचे. काकांचा पाऊणपटीचा हिशोब, जेट्टीचा कोपरा, वहिनींचा कान, हे तिन्ही आम्हाला उशिरा मिळाले ते आम्ही त्यांना वाहतूक समजत होतो म्हणून. फिल्मच्या शेवटी दोघांची नावं आहेत, त्यांनी सांगितली तशी.

अशा फिल्मच्या संकलकाने चित्रीकरणाला स्वतः जायला हवं. पहिल्या हंगामात मी नौपाड्यातल्या माझ्या खोलीत बसून होतो आणि माझ्यापर्यंत फक्त फायली पोचत होत्या. चिखलात एक सकाळ उभा राहिलो असतो तर सुकतीचा आवाज आणि भरतीचा आवाज मला वेगळा कळला असता. दुसऱ्या हंगामात मी गेलो. माघ पौर्णिमेच्या त्या सहा तासांत मी काहीच केलं नाही, फक्त वहीत वेळा टिपल्या.

आणि एक, ज्याचं उत्तर आमच्याकडे नाही. पहिल्या हंगामातलं चित्रण अजून माझ्याकडच्या एका हार्ड डिस्कमध्ये आहे. ते पुसायचं, की कंपनीला द्यायचं, की ठेवायचं, हे ठरलेलं नाही. धुक्याचं ते दृश्य मी वर्षातून एकदा उघडून बघतो. चित्रकर्तीला ते माहीत आहे.

समाजमंदिरातल्या त्या संध्याकाळचं एक सांगायचं राहिलं. मी भिंतीला टेकून मागे उभा होतो. पहिलं दृश्य चालू होतं. पाकीट आत येऊन अडकलं होतं, पडद्यावर अजून निम्मा चिखल उघडा दिसत होता. पुढच्या रांगेत वहिनींनी शेजारणीच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि हळूच म्हणाल्या, ‘थांबली बघ.’ मी घड्याळ पाहिलं. चुटचुट थांबलेली माझ्या वहीत त्याच मिनिटाला टिपलेली आहे.